सलाईन लावायला समाजशास्त्र कशाला लागतंय?

नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला समाजशास्त्र असतं, बीएला असतं, एमएसडब्ल्यूला तर असतंच, आणि बेळगाव, खानापूर, निपाणी कुठंही जावा, पोरांचा प्रश्न एकच, की हे शिकून करायचं काय, सलाईन लावायला समाजशास्त्र कशाला लागतंय. प्रश्न रास्त आहे. पुस्तकात सुरुवातीलाच व्याख्या येतात, समाज म्हणजे काय, संस्था म्हणजे काय, त्या पाठ केल्या की पेपर सुटतो आणि विषय डोक्यातनं निघून जातो. मला वाटतं ह्या विषयाची गोडी लागते ती आरोग्याच्या भागात, कारण आजारी आपण सगळेच पडतो, आणि आपल्या ह्या सीमाभागात आजार आणि समाज एकमेकांत किती गुंतलेत हे बघायला लांब जावंच लागत नाही, सरकारी दवाखान्याच्या ओपीडीत तासभर बसलं तरी दिसतं.

एका ओळीत सांगायचं तर डॉक्टर विचारतात ह्या माणसाला काय झालंय, आणि समाजशास्त्र विचारतं हे कुणाकुणाला होतंय, कुणाला होत नाही, आणि असं का. सी. राइट मिल्स नावाच्या अमेरिकन समाजशास्त्रज्ञानं १९५९ मध्ये हे नेमकं मांडलं होतं, की एकट्याची अडचण कधी असते आणि ती सगळ्यांचा प्रश्न कधी होते हे ओळखता आलं पाहिजे. शेजारच्या काकूंचं हिमोग्लोबिन कमी आलं तर ती काकूंची तब्येत. पण २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात १५ ते ४९ वयाच्या दर १०० बायकांमागं ५७ जणींना रक्तक्षय निघाला आणि त्याच वयाच्या पुरुषांत १०० मागं २५, मग आता एकट्या काकूंना पालेभाजी खात जावा म्हणून सांगून कसं भागेल? पाळीमुळं रक्त जातं हे खरंच आहे, पण घरात सगळ्यात शेवटी कोण जेवतं, अंडं आणलं तर कुणाच्या ताटात पडतं, लग्न कितव्या वर्षी झालं, दोन बाळंतपणांत अंतर किती होतं, हे सगळं त्या आकड्यात आहे. लोहाच्या गोळ्या द्यायच्याच, त्याबद्दल वाद नाही, फक्त गोळी देताना शेवटी कोण जेवतं हा प्रश्न पण विचारायचा.

आता निपाणीला या. निपाणी म्हटलं की तंबाखू, आणि तंबाखू म्हटलं की वखारीत काम करणाऱ्या आणि घरी बसून विड्या वळणाऱ्या बायका. ते काम कधी जवळनं बघितलंय काय? बाई उजेडासाठी दाराजवळ बसते, मांडीवर सूप, सुपात जर्दा, बाजूला भिजवून ओल्या फडक्यात गुंडाळलेली तेंदूची पानं. पान मापावर धरून कात्रीनं कापायचं, चिमूटभर जर्दा पसरायचा, बोटांच्या टोकानं गुंडाळायचं, दोरा बांधायचा, तोंड मुडपायचं, सुपात टाकायचं, की पुढचं पान. मान खाली, पाठ वाकलेली, बोटं थांबत नाहीत कारण मजुरी हजाराच्या हिशोबानं मिळते, आणि माल तपासताना खराब म्हणून बाजूला काढलेल्या विड्यांचे पैसे बुडतात. त्याच खोलीत चूल, तिथंच तान्हं पोर झोपलेलं, आणि जर्द्याची धूळ सगळ्यांच्याच नाकात.

ही बाई दवाखान्यात येते तेव्हा कागदावर लिहिलं जातं खोकला, पाठदुखी, डोळ्यांवर ताण. तेवढ्यावर औषध मिळतं आणि वर सल्ला मिळतो, विश्रांती घ्या. सल्ला देणारा वाईट माणूस नसतो ओ, पण विश्रांती म्हणजे तिच्यासाठी किती शेकडा विड्या कमी, हे त्याला कुणी शिकवलेलंच नसतं. काम घरात होतं त्यामुळं तिच्या घराला कारखाना म्हणून कुणी बघत नाही, कुणी तपासायला येत नाही, खोकला पण तिचा, पाठ पण तिची आणि जबाबदारी पण तिचीच. समाजशास्त्र शिकलेली नर्स त्या कागदावर आणखी एक ओळ लिहील: काम काय करता, किती वर्षं, कुठं बसून. उद्यमबागेतल्या फौंड्रीत वाळूच्या धुळीत काम करणाऱ्याला पण हेच विचारायला पाहिजे, वडगाव-खासबागच्या मागावर दिवसभर खटखट ऐकून ऐकू कमी आलेल्या माणसाला पण.

हे विचार काही कालचे नाहीत. १८४८ साली प्रशियाच्या, म्हणजे जुन्या जर्मन राज्यात, अप्पर सिलेशिया म्हणून भाग होता, तिथं टायफस नावाच्या तापाची साथ आली आणि सरकारनं रुडॉल्फ व्हिर्को नावाच्या तरुण डॉक्टरला तपासायला पाठवलं. वय अवघं २६. सरकारला वाटलं असणार हा येऊन औषधपाणी, स्वच्छता असलं काहीतरी लिहून देईल. व्हिर्कोनं बघितलं की लोक उपाशी आहेत, घरं दाटीची, शाळा नाहीत, जमीन दुसऱ्याच्याच हातात, आणि त्यानं अहवालात लिहिलं की ह्या साथीवर उपाय म्हणजे शिक्षण, लोकांच्या हातात कारभार, कराचं ओझं हलकं करणं, शेतीत सुधारणा. आणि आपल्या भागातल्या पोरांनी तर कान देऊन ऐकावी अशी गोष्ट पुढं आहे. तिथले बहुतेक लोक पोलिश बोलायचे आणि राज्यकारभार जर्मनमध्ये चालायचा, तर व्हिर्कोनं साथीच्या अहवालात पोलिश भाषेला कारभारात जागा द्या अशीही मागणी केली. एका डॉक्टरनं, तापाच्या साथीवर उपाय म्हणून! वैद्यकशास्त्र हे सामाजिक शास्त्रच आहे हे त्याचं वाक्य पुढं जगभर गाजलं, पण मला त्या वाक्यापेक्षा ही भाषेची मागणी जास्त मोठी वाटते, कारण आपल्या वॉर्डात ती रोज खरी ठरते.

कशी ते सांगतो. खानापूर तालुक्यातल्या आतल्या गावची म्हातारी, आयुष्यभर मराठी बोललेली, बेळगावला मोठ्या दवाखान्यात येते. समोर विजापूर-बागलकोटकडची सिस्टर, ती मनानं चांगली, पण मराठी तिला चार शब्दच कळतं. बोर्ड कन्नडमध्ये, केसपेपर इंग्रजीत. म्हातारीबरोबर नातू आलेला, सातवी-आठवीतला, शाळेत शिकल्यामुळं कन्नड येणारा, मग तोच दुभाषी. म्हातारी म्हणते, छातीत कालवल्यावानी होतंय, घेरी येते, अंगात काय त्राणच नाही. नातू ह्यातलं काय आणि कसं सांगणार? तो सांगतो, चक्कर येते म्हणे. आणि जी खरी तक्रार असते, अंगावरून जातंय, जळजळ होते, ती म्हातारी नातवासमोर तोंडातनं काढतच नाही. कागदावर तक्रारच नाही, म्हणजे तपासणी नाही, आणि सहा महिन्यांनी ती परत येते तेव्हा प्रकरण वाढलेलं असतं. ह्यात कुणाचा एकाचा दोष शोधायला जाऊ नका. भाषा, लाज, वय, बाई असणं, घरातनं सोबत कोण येऊ शकतं, हे सगळं एकाच बाकड्यावर बसलेलं असतं. इथं ज्या आशाताईंना दोन्ही भाषा येतात त्या किती मोठं काम करतात हे मोजलंच जात नाही, आणि माझं स्पष्ट मत आहे की सीमाभागातल्या प्रत्येक नर्सिंग कॉलेजात मराठी पोरींना कन्नड आणि कन्नड पोरींना मराठी, निदान दुखण्याखुपण्यापुरती तरी, शिकवायलाच पाहिजे. राजकारण त्याच्या जागी राहू दे, घेरी म्हणजे काय एवढं तरी कळू दे.

सीमेवर असण्याचे आणखी पण परिणाम असतात. आपली माणसं उपचाराला कुठं जातात बघा, कोण बेळगावातच, कोण मिरजेला, कोण कोल्हापूरला, खानापूरकडचे काही जण गोव्याला बांबोळीला. नातेवाईक, बस, ओळखीचा डॉक्टर आणि भाषा ह्यावर ते ठरतं, नकाशावरची रेघ बघून कुणी आजारी पडत नाही. पण रेघ आडवी येते. २०२१ मध्ये कोरोनात निपाणीजवळ राज्याच्या सीमेवरच्या कोगनोळी नाक्यावर आरटीपीसीआर रिपोर्ट असल्याशिवाय कर्नाटकात सोडत नव्हते, आणि रोजच्या कामासाठी, दवाखान्यासाठी इकडनं तिकडं करणाऱ्यांची काय अवस्था झाली ती सगळ्यांनी बघितलीच. २०२३ मध्ये महाराष्ट्र सरकारनं सीमाभागातल्या ८६५ गावांना महात्मा फुले जन आरोग्य योजनेत घ्यायचं जाहीर केलं आणि त्यावर कर्नाटकातनं जोरदार आक्षेप आला. कोण बरोबर हा वाद इथं नको. शिकणाऱ्यानं एवढं बघावं की रोग तोच, शरीर तेच, पण रेशनकार्डावरचा पत्ता आणि राज्य बदललं की मिळणारा उपचार बदलू शकतो.

पुढचा मुद्दा मला सगळ्यात आवडतो, आजारी म्हणवून घ्यायला परवानगी लागते. टॉलकॉट पार्सन्स ह्या अमेरिकन समाजशास्त्रज्ञांनी १९५१ मध्ये सांगितलं की आजारी माणूस ही पण एक भूमिकाच आहे, नवरा, सून, मास्तर असते तशी. त्या भूमिकेत दोन सवलती आहेत आणि दोन कर्तव्यं. सवलती म्हणजे रोजच्या कामातनं सूट मिळते आणि आजाराबद्दल तुम्हाला दोषी धरत नाहीत. कर्तव्यं म्हणजे बरं व्हायची इच्छा पाहिजे आणि जाणकाराकडं जाऊन त्याचं ऐकलं पाहिजे. ऐकायला एकदम बरोबर वाटतं, आणि ऑफिसात सिकलीव्ह मिळणाऱ्या माणसाला लागू पण पडतं. शुगर, बीपीवाल्याला निम्मंच लागू पडतं कारण तो पूर्ण बरा कधी होतच नाही, आणि एचआयव्ही झालेल्याला तर लोक दोषी धरायला टपलेलेच असतात, मग कुठली सवलत.

पण ऊसतोडीच्या फडात जाऊन बघा ही भूमिका कुणाच्या वाट्याला येते. आपल्या जिल्ह्यात साखर कारखाने भरपूर, हंगामाला बाहेरनं टोळ्या येतात, विजापूरकडनं येतात, बीडकडनं येतात. नवरा-बायको मिळून एक कोयता, मुकादमाकडनं आधीच उचल घेतलेली, आणि खाडा पडला की पैसे कापतात. पोट दुखतंय, पाळीत त्रास होतोय म्हणून बाई खोपीवर थांबली तर जोडीचं कामच बसतं आणि उचलीचा आकडा तसाच राहतो. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या ऑपरेशनांची चौकशी झाली, ८२ हजारांवर बायकांच्या सर्वेक्षणात १३ हजारांहून जास्त जणींचं गर्भाशय काढलेलं निघालं, कितीतरी जणी तिशी-पस्तिशीतल्या. वैद्यकीय कागदावर प्रत्येकीचं काहीतरी कारण लिहिलेलं असणार, गाठ, पांढरं जाणं, जास्त रक्तस्राव. पण फडावर ना संडास, ना आंघोळीची आडोशाची जागा, वर खाड्याची भीती, आणि गावाकडं ऑपरेशन करून मोकळी हो म्हणणारा दवाखाना, ह्या सगळ्यांना बाजूला ठेवून ते आकडे समजणारच नाहीत. पार्सन्स वाचताना हे फड डोळ्यासमोर आणा, मग कळेल की सवलत सगळ्यांना सारखी नसते.

मग माणूस डॉक्टरकडं जातो तरी कधी? दुखायला लागलं की, असं आपण म्हणतो, पण तसं होत नाही. अर्व्हिंग झोला ह्या समाजशास्त्रज्ञांनी १९६० च्या दशकात अमेरिकेत बोस्टनच्या दवाखान्यात आलेल्या पेशंटना हेच विचारलं, की त्रास तर कधीचा होता, मग आजच का आलात. त्यातनं दिसलं की दुखणं वाढलं म्हणून येणारे कमीच, बहुतेकांच्या आयुष्यात दुसरंच काहीतरी घडलेलं असतं. घरात भांडण झालं, मुलीच्या लग्नाचा प्रसंग जवळ आला, कामच जमेना झालं, बायकोनं नाहीतर लेकीनं ओढत आणलं, किंवा मनात ठरवलेली मुदत संपली, सोमवारपर्यंत बघू म्हणालेला सोमवार उलटून गेला. हे आपल्याकडं लावून बघा, एकेक चेहरा आठवेल. गुडघा दोन वर्षं दुखतोय आणि माणूस येतो कधी, तर लावणीला चिखलात उतरता येईना झाल्यावर. म्हणून उशिरा का आलात म्हणून पेशंटवर ओरडण्यापेक्षा आज काय झालं म्हणून आलात हे विचारलं तर खरी माहिती मिळते, हे मी अगदी मनापासून सांगतो.

आता टीबी. रॉबर्ट कॉख यांनी १८८२ मध्ये जंतू शोधून काढला, त्यावरचं औषध स्ट्रेप्टोमायसिन आलं १९४० च्या दशकात. पण थॉमस मॅक्यून ह्या ब्रिटिश डॉक्टरांनी इंग्लंडचे जुने आकडे काढून दाखवलं की टीबीनं मरणाऱ्यांचं प्रमाण औषध यायच्या कितीतरी आधीपासनंच उतरत होतं, आणि त्याचं मोठं श्रेय त्यांनी सुधारलेल्या खाण्यापिण्याला दिलं. त्यांच्या मांडणीवर पुढं बरेच वाद झाले, कुणी म्हटलं खाण्यापेक्षा गटारं-पाणी-घरं सुधारली म्हणून, पण औषधाच्या आधी उतार सुरू झाला होता हे काही बदलत नाही. ह्याचा अर्थ गोळ्या नकोत असा कुणी काढू नये, टीबीच्या गोळ्या अर्धवट सोडल्या तर जीवावर बेततं. आपलं सरकार पण आता टीबीच्या पेशंटला खाण्यासाठी पैसे देतं, निक्षय पोषण योजनेत २०१८ पासनं महिना ५०० रुपये आणि २०२४ च्या नोव्हेंबरपासनं १००० रुपये, म्हणजे जंतूबरोबर ताटाचा पण विचार करावा लागतो हे सरकारनंच मान्य केलं की.

आणि सौंदत्ती. रेणुका-यल्लम्माच्या डोंगरावर आपल्या घरातनं पण लोक जातात, श्रद्धा आहे, तिच्याबद्दल मला काही वाकडं बोलायचं नाही. बोलायचंय ते जटेबद्दल. पोरीच्या केसात गुंता झाला, तो धुतला-विंचरला गेला नाही की त्याची जट होते. डॉक्टर म्हणेल केसांची निगा नाही, कापून टाका. पण कितीतरी घरांत ती देवीची हाक मानली गेली, कात्री लावली तर कोप होईल म्हणून पोरीला देवीला सोडलं, आणि ती जोगतीण, देवदासी झाली. ह्यावर १९३४ मध्ये मुंबई प्रांतात कायदा झाला, बेळगाव तेव्हा त्याच प्रांतात होतं, मग १९८२ मध्ये कर्नाटकाचा कायदा आला, आणि निपाणी-गडहिंग्लज भागात कार्यकर्त्यांनी घराघरात जाऊन बायकांच्या जटा सोडवल्या. ह्यात बघण्यासारखं हे की सोडल्या गेलेल्या पोरी जास्त करून दलित आणि गरीब घरातल्याच. केसात गुंता कुणाच्याही होतो, पण त्याचा अर्थ काय लावायचा आणि त्या अर्थाची किंमत कुणी मोजायची, हे जात आणि गरिबी ठरवत होती. पुढं ह्याच बायकांमध्ये एचआयव्ही पसरला तेव्हा समाजानं त्यांनाच नावं ठेवली. एर्व्हिंग गॉफमन ह्या समाजशास्त्रज्ञांनी १९६३ मध्ये ह्या कलंकावर लिहिलं, की एक खूण चिकटली की माणूस मागं पडतो आणि लोक फक्त खूण बघतात. वॉर्डात एखाद्या बेडपाशी जाताना आवाज बदलतो, नजर बदलते, हे तुमच्याकडनं पण होतंय काय तेवढं बघा.

गरिबांनाच हे सगळं लागू असं पण समजू नका. लंडनमध्ये १९६७ पासनं सरकारी नोकरांचा मोठा अभ्यास सुरू झाला, व्हाइटहॉल स्टडी म्हणतात, मायकेल मार्मट यांचं नाव त्याच्याशी जोडलेलं आहे. सगळे पगारदार, सगळ्यांना सरकारी आरोग्यसेवा फुकट, तरी सगळ्यात खालच्या हुद्द्यावरच्यांचं मरणाचं प्रमाण वरच्यांच्या तिप्पट निघालं. सिगारेट, बीपी, कोलेस्टेरॉल सगळं हिशोबात धरलं तरी फरक उरतोच. मधल्या पायरीवरचे मध्येच, म्हणजे एकेक पायरी खाली उतरावं तसं आयुष्य कमी होत जातं. कामावर आपल्या हातात किती आहे, साहेब कसा वागतो, हे पण हृदयापर्यंत पोचतं.

प्रोजेक्ट करायचं असेल तर आर्थर क्लाइनमन ह्या डॉक्टरांनी पेशंटना विचारायला सुचवलेले प्रश्न घ्या, साधेच आहेत: तुम्हाला काय वाटतं, हे कशानं झालं? आत्ताच का झालं? ह्याचा सगळ्यात जास्त त्रास कुठल्या कामात होतो? सगळ्यात जास्त भीती कशाची वाटते? कुठल्या उपचारानं बरं वाटेल असं वाटतं? एखाद्यानं कुणाची तरी नजर लागली म्हटलं, देवाला कौल लावला म्हटलं, तर हसू नका, तोड पण देऊ नका, ऐकून घ्या, कारण त्याच्या पुढच्याच वाक्यात बहुतेक वेळा गोळ्या का बंद केल्या ते निघतं. वहीत पेशंटचे शब्द तसेच्या तसे लिहा, कालवल्यावानी म्हटलं तर कालवल्यावानीच लिहा, त्याचं इंग्रजी तिथल्या तिथं करू नका. शेजारच्या रकान्यात काम काय करतात, गाव किती लांब, यायला कुठली बस, त्या दिवसाची मजुरी किती बुडली, सोबत कोण आलं आणि बोललं कोण, हे लिहा. तोंडी परवानगी आधी घ्या, आणि नाव कुणाचंही लिहू नका.